एका खाचेचा इतिहास : रॅमची पट्टी दर पिढीत वेगळी का दिसते?

डीडीआर२ आणि डीडीआर३ या दोन पिढ्यांच्या रॅमच्या पट्ट्या शेजारी शेजारी ठेवल्या, तर पहिल्या नजरेत त्यांत फरक सापडत नाही. दोन्हींची लांबी १३३.३५ मिलिमीटर. दोन्हींच्या खालच्या कडेला सोनेरी रंगाचे २४० संपर्कबिंदू. दोन्हींवर एका रांगेत बसवलेल्या काळ्या चौकोनी चिप. फरक आहे तो सोनेरी कडेच्या मधोमध न पडता किंचित एका अंगाला पडलेल्या एका लहानशा खाचेचा. डीडीआर३ मध्ये ही खाच काही मिलिमीटर सरकली आहे, आणि तेवढ्यानेच एका पिढीची पट्टी दुसऱ्या पिढीच्या स्लॉटमध्ये बसेनाशी होते.

ही खाच ओघाओघात पडलेली नाही. पट्टी चुकीच्या जागी बसूच नये, म्हणून ती मुद्दाम सरकवलेली आहे. एका पिढीची मेमरी १.८ व्होल्टवर चालते, दुसरीची १.५ व्होल्टवर. शिवाय कोणत्या संपर्कबिंदूतून वीज यावी, कोणत्यातून माहिती वाहावी आणि कोणता जमिनीशी जोडावा, याची मांडणीही निराळी. दोहोंची सरमिसळ झाली तर चिप जळू शकते, मदरबोर्डही निकामी होऊ शकतो. त्या आपत्तीला वीज सुरू होण्याआधीच अडवणारी ही खाच म्हणजे चिप बनवणारे, मदरबोर्ड बनवणारे आणि संगणक बनवणारे यांच्यातील लेखी कराराची खूण आहे. मेमरी मोड्यूलच्या बाह्य रूपाचा चार दशकांचा इतिहास हा अशा करारांचाच इतिहास होय.

भारतापुरते पाहिले तर हा विषय आता केवळ संगणक दुरुस्त करणाऱ्यांचा राहिलेला नाही. जून २०२३ मध्ये मायक्रॉन या अमेरिकी कंपनीने गुजरातमधील साणंद येथे प्रकल्प उभारण्याची घोषणा केली. एकूण गुंतवणूक २.७५ अब्ज डॉलरपर्यंत, आणि प्रकल्पखर्चाचा ५० टक्के वाटा केंद्र सरकारचा, तर २० टक्के वाटा गुजरात सरकारचा. सिलिकॉनच्या तबकड्या बाहेरून आणून त्यांपासून वेष्टित चिप, मेमरी मोड्यूल आणि साठवणुकीच्या एसएसडी तयार करणे, त्यांची चाचणी घेणे, हे या प्रकल्पाचे काम. सार्वजनिक पैशाचा एवढा मोठा वाटा ज्या वस्तूवर खर्च होणार, ती वस्तू आजच्या रूपाला कशी पोहोचली, हे समजून घेणे म्हणूनच अगत्याचे आहे.

पट्टीच्या आधी

मोड्यूल ही कल्पना संगणकाइतकी जुनी नाही. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत १९६० मध्ये कार्यान्वित झालेल्या आणि १९६२ मध्ये पंडित नेहरूंनी ‘टिफ्रॅक’ असे नाव दिलेल्या संगणकाची मेमरी फेराइटच्या इवल्याशा कड्यांची होती. एका कड्यात एक बिट. ४० बिटांचा एक शब्द, असे १०२४ शब्द, म्हणजे ४०,९६० कडी. प्रत्येक कड्यातून बारीक तारा ओवून ही जाळी तयार करावी लागे. आजच्या मापाने ती सारी मेमरी ५ किलोबाइटची. त्या जाळीतील एखादा तुकडा काढून दुसऱ्या संगणकात बसवण्याचा प्रश्नच नव्हता. प्रत्येक यंत्राची मेमरी त्या यंत्रापुरती घडवलेली असे.

ही स्थिती पालटण्याचे बीज आयबीएममधील रॉबर्ट डेनार्ड यांच्या कल्पनेत होते. एक ट्रान्झिस्टर आणि एक संधारित्र एवढ्यावरच एक बिट साठवता येईल, हे त्यांनी १९६६ मध्ये ओळखले. त्याचे पेटंट १९६८ मध्ये मिळाले. संधारित्रातील विद्युतभार हळूहळू गळून जातो, म्हणून तो सेकंदात अनेकदा पुन्हा भरावा लागतो. या सततच्या भरणीमुळे तिला ‘डायनॅमिक’ रॅम, म्हणजेच डीरॅम, हे नाव पडले. ऑक्टोबर १९७० मध्ये इंटेलने बाजारात आणलेल्या ११०३ या डीरॅम चिपमध्ये १०२४ बिट मावत. टिफ्रॅकची अख्खी मेमरी अशा ४० चिपांत सामावली असती.

आरंभी या चिप मदरबोर्डवर एकेक करून बसवल्या जात. दोन्ही बाजूंना धातूच्या पायांच्या रांगा असलेले ते काळे लांबट किडे जुन्या यंत्रांत आजही पाहायला मिळतात. १९८१ च्या आयबीएम पीसीमध्ये किमान १६ किलोबाइट मेमरी असे. तेवढ्यासाठी नऊ चिप लागत. आठ चिप बाइटमधील आठ बिटांसाठी, नववी तपासणीच्या बिटासाठी. ६४ किलोबाइट हवे असतील तर ३६ चिप आणि पावणेसहाशे पाय. त्यांतला एखादा पाय बसवताना वाकला, किंवा एखादी चिप उलटी बसली, की यंत्र बंद. शिवाय यंत्र तापे आणि निवे, तसतशा चिप प्रसरण-आकुंचनाने सॉकेटमधून कणाकणाने वर सरकत. बंद पडलेल्या संगणकाचे झाकण उघडून सगळ्या चिप अंगठ्याने पुन्हा दाबून बसवणे, हा त्या काळातील तंत्रज्ञांचा नेहमीचा उपाय होता.

नऊ चिपांची एक पट्टी

अमेरिकेतील वँग लॅबोरेटरीज या कंपनीतील जेम्स क्लेटन यांनी या अडचणीवर साधे उत्तर शोधले. नऊच्या नऊ चिप एका छोट्या पाटीवर कायमच्या जडवाव्यात, आणि ती पाटीच मदरबोर्डवर उभी बसवावी. पाटीच्या खालच्या कडेलाच धातूचे पट्टे ओढले की वेगळ्या पायांची गरज उरत नाही. १९८३ मध्ये दाखल झालेले हे पेटंट १९८७ मध्ये मंजूर झाले. या रचनेला ‘सिम’ म्हणतात. मोबाइलच्या सिमकार्डाशी तिचा नावापुरताच सारखेपणा. पुढे या पेटंटावरून वँगने तोशिबा आणि एनईसी या कंपन्यांना न्यायालयात खेचले. एका पाटीच्या आकारावरून खटले लढावेत एवढे मोल त्या आकाराला आले होते.

पहिल्या सिमला ३० संपर्कबिंदू होते. पाटीच्या पुढच्या आणि मागच्या बाजूला पट्टे दिसत, पण समोरासमोरचे दोन पट्टे आतून एकच असत. पाटी स्लॉटमध्ये तिरकी घालायची आणि मग उभी करायची, की दोन्ही टोकांच्या चिमट्या तिला पकडून ठेवत. एका टोकाचा कोपरा कापलेला असे, त्यामुळे ती उलटी बसत नसे. म्हणजे चूक अडवणारी पहिली खूण तेव्हाच जन्माला आली होती.

या पट्टीतून एका वेळी आठ बिट माहिती ये-जा करी. प्रोसेसर मात्र झपाट्याने रुंदावत होते. ४८६ प्रोसेसर एका वेळी ३२ बिट मागे, म्हणून त्याला अशा चार पट्ट्या एकदम द्याव्या लागत. तीन बसवल्या तर संगणक सुरूच होत नसे. त्यावर ७२ संपर्कबिंदूंची, ३२ बिटांची, सुमारे १०८ मिलिमीटर लांबीची नवी सिम आली. तिच्या कडेच्या मध्यभागी एक खोबण होती. आता ४८६ साठी एक पट्टी पुरे झाली. पण १९९३ मध्ये पेंटियम आला, त्याची मागणी ६४ बिटांची. पुन्हा जोडी लावणे आले. पट्टीची रुंदी प्रोसेसरच्या रुंदीशी जुळली पाहिजे, या एका नियमाने त्या काळातील प्रत्येक बदल घडवून आणला.

याच सुमारास धातूंचा प्रश्नही पुढे आला. काही पट्ट्यांच्या कडांना कथिलाचा मुलामा असे, काहींना सोन्याचा. कथिलाची पट्टी सोन्याच्या स्लॉटमध्ये बसवली तर दोन धातूंच्या सूक्ष्म घर्षणाने कथिलावर ऑक्साइडचा थर साचे, आणि महिन्या-वर्षांनी कारण कळू नये अशा चुका होऊ लागत. आकार जुळला म्हणजे सगळे जुळले असे नाही, हा धडा त्यातून मिळाला.

दोन बाजू, दोन अर्थ

१६८ संपर्कबिंदूंच्या ‘डिम’ने ६४ बिटांचा प्रश्न एकाच पट्टीत सोडवला. पाटीच्या दोन्ही बाजूंचे पट्टे तिने एकमेकांपासून तोडले. समोरचे ८४ आणि मागचे ८४ आता स्वतंत्र झाले. लांबी १३३.३५ मिलिमीटर ठरली, आणि डेस्कटॉपच्या डिमने ती आजवर सोडलेली नाही. तिरकी घालून उभी करण्याची पद्धत जाऊन सरळ वरून दाबून बसवण्याची पद्धत आली.

या पट्टीला दोन खाचा होत्या आणि दोन्हींना अर्थ होता. एकीच्या जागेवरून व्होल्टता कळे, दुसरीवरून संकेत थेट चिपांकडे जातात की मधल्या चिपमार्फत, हे कळे. त्यासोबत पट्टीवर एक चिमुकली कायमस्वरूपी मेमरीही आली. आपली क्षमता किती, वेग किती, रचना कशी, ही माहिती तिच्यात लिहिलेली असते आणि संगणक सुरू होताना ती वाचून घेतो. खाच वीज येण्याआधी बोलते, ही चिप वीज आल्यावर बोलते. दोहोंनी मिळून मेमरी बसवणे कोणत्याही सावध माणसाच्या आवाक्यात आणले.

नव्या शतकाच्या उंबरठ्यावर हा वारसा मोडण्याची वेळ आली होती. १९९९ मध्ये इंटेलच्या पाठिंब्याने रॅम्बस कंपनीच्या तंत्रावरील ‘रिम’ पट्टी बाजारात आली. तिच्यात संकेत अरुंद पण अतिवेगवान वाटेने एका पट्टीतून दुसऱ्या पट्टीत, असे साखळीने धावत. साखळी तुटू नये म्हणून रिकाम्या स्लॉटमध्येही चिप नसलेली कोरी पट्टी बसवावी लागे. तापणाऱ्या चिपांवर धातूचे आवरण असे. तंत्र चतुर होते, पण महाग होते, आणि त्याच्या किल्ल्या एका कंपनीकडे होत्या. तिच्यासमोर उभी राहिली ती ‘जेडेक’ या उद्योगसंस्थेने जून २००० मध्ये प्रसिद्ध केलेल्या मानकावरील डीडीआर मेमरी. अनेक उत्पादकांनी एकत्र बसून ठरवलेले हे मानक कोणालाही पाहता येत होते. गंमत अशी, की रिम आणि डीडीआर या दोन्हींना १८४ च संपर्कबिंदू. वेगळेपण पुन्हा खाचांनीच सांगितले. काही वर्षांतच रिम घरगुती संगणकांतून नाहीशी झाली.

पाच पिढ्या, पाच जागा

त्यानंतरचा क्रम मानकांच्या तारखांत वाचता येतो. पहिल्या डीडीआरची व्होल्टता २.५. डीडीआर२ चे मानक २००३ मध्ये आले, १.८ व्होल्ट आणि २४० संपर्कबिंदू घेऊन. २००७ मध्ये डीडीआर३, संपर्कबिंदू तेवढेच, व्होल्टता १.५. २०१२ मध्ये डीडीआर४, २८८ संपर्कबिंदू आणि १.२ व्होल्ट. २०२० मध्ये डीडीआर५, पुन्हा २८८ आणि १.१ व्होल्ट. संख्या जेव्हा जेव्हा तीच राहिली, तेव्हा तेव्हा खाच सरकवावी लागली.

डीडीआर४ मधील बदल डोळ्यांनी टिपता येतात. लांबी न वाढवता ४८ संपर्कबिंदू अधिक बसवायचे, म्हणून दोन शेजारच्या बिंदूंमधील अंतर १ मिलिमीटरवरून ०.८५ मिलिमीटरवर आणले गेले. खालची कड सरळ न ठेवता तिला मध्याकडे किंचित उतार दिला, त्यामुळे सगळे बिंदू एकाच क्षणी स्लॉटमध्ये घुसत नाहीत आणि बसवताना जोर कमी लागतो. पाटीची जाडीही किंचित वाढली. डीडीआर५ मध्ये पट्टीवर आणखी एक चिप आली, वीज नियंत्रित करणारी. आधी हे काम मदरबोर्ड करी, आता प्रत्येक पट्टी स्वतःपुरते करते. शिवाय ६४ बिटांची एक वाट मोडून ३२ बिटांच्या दोन स्वतंत्र वाटा झाल्या.

हातात आलेली पट्टी अशा खुणांवरून ओळखता येते. एका बाजूला आठऐवजी नऊ चिप दिसल्या, तर बहुधा ती चुका शोधून दुरुस्त करणारी, सर्व्हरसाठी घडवलेली पट्टी असते. मधोमध निराळ्या आकाराची आणखी एक चिप असेल, तर संकेत तिच्यामार्फत वाटले जातात. डीडीआर४ मध्ये अशी सर्व्हरची पट्टी डेस्कटॉपच्या स्लॉटमध्ये बसे, पण चालत नसे. डीडीआर५ मध्ये सर्व्हरच्या पट्टीला १२ व्होल्ट आणि डेस्कटॉपच्या पट्टीला ५ व्होल्ट पुरवठा लागतो, म्हणून आता दोहोंच्या खाचाच वेगळ्या केल्या आहेत. लॅपटॉपच्या पट्ट्या याहून आखूड, साधारण ६७ ते ७० मिलिमीटरच्या. त्यांचे संपर्कबिंदू डीडीआर आणि डीडीआर२ मध्ये २००, डीडीआर३ मध्ये २०४, डीडीआर४ मध्ये २६० आणि डीडीआर५ मध्ये २६२. पाटीवरच्या तांब्याच्या काही रेषा नागमोडी वळणे घेत जातात, त्यालाही कारण आहे. सगळे संकेत एकाच वेळी पोहोचावेत, म्हणून जवळच्या चिपकडे जाणारी वाट मुद्दाम लांबवलेली असते.

खाच नाहीशी होते तेव्हा

गेल्या दशकात एक वेगळाच बदल घडला. पातळ लॅपटॉपांत पट्टी आणि स्लॉट दोन्ही नाहीसे होऊ लागले. कमी विजेवर चालणाऱ्या एलपीडीडीआर चिप थेट मदरबोर्डवर सोल्डर होऊ लागल्या. याला केवळ व्यापारी हेतू होता असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. वेग वाढतो तसतसा स्लॉटमधील प्रत्येक जोड संकेताला धूसर करतो. प्रोसेसर आणि मेमरी यांतील अंतर कमी केले की वीज वाचते, बॅटरी अधिक टिकते, जाडी घटते. भौतिकशास्त्राने मागितलेली ही किंमत होती.

पण ती चुकवली ग्राहकाने. सोल्डर केलेली मेमरी खरेदीच्या दिवशी जेवढी असते तेवढीच शेवटपर्यंत राहते. एक चिप बिघडली तर संपूर्ण बोर्ड बदलावा लागतो. दिल्लीतील नेहरू प्लेस, मुंबईतील लॅमिंग्टन रोड, बंगळुरूमधील एस. पी. रोड येथील दुकानांतून जुन्या संगणकात एक जास्तीची पट्टी घालून त्याचे आयुष्य तीन-चार वर्षांनी वाढवण्याचा जो साधा व्यवहार चालत आला, त्याला तिथे वाव उरत नाही. ज्या विद्यार्थ्याला नवा लॅपटॉप परवडत नाही, त्याच्यासाठी ही गोष्ट तांत्रिक बारकाव्याची नसून शिक्षण चालू राहण्याची आहे. भारत सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने जुलै २०२२ मध्ये ‘दुरुस्तीचा हक्क’ या विषयावर समिती नेमली, आणि ई-कचऱ्याचे नवे नियम १ एप्रिल २०२३ पासून लागू झाले. दोन्हींच्या मुळाशी एकच प्रश्न आहे : वस्तू जुनी झाली हे कोणी ठरवायचे, बनवणाऱ्याने की वापरणाऱ्याने?

तंत्रज्ञानाने या प्रश्नाला एक उत्तर देऊ केले आहे. डेल कंपनीने २०२२ मध्ये आपल्या लॅपटॉपमध्ये एक आडवी, सपाट मेमरी पाटी वापरली. ती स्लॉटमध्ये खुपसायची नसते, तर बोर्डवर ठेवून स्क्रूने आवळायची असते. तिच्या खालचे बिंदू बोर्डवरील स्प्रिंगसारख्या संपर्कांवर दाबले जातात, त्यामुळे वाट आखूड राहते आणि पाटी काढताही येते. सुरुवातीला एका कंपनीची असलेली ही रचना जेडेकने सुधारून डिसेंबर २०२३ मध्ये ‘कॅम२’ या नावाने खुले मानक म्हणून प्रसिद्ध केली. आजवर फक्त सोल्डर होणाऱ्या एलपीडीडीआर चिपाही या मानकामुळे पुन्हा सुट्या पाटीवर येऊ शकतात. जाडी, वेग आणि दुरुस्ती यांत एकाचाच बळी दिला पाहिजे असे नाही, हे या पाटीने दाखवून दिले.

तरीही मानक प्रसिद्ध होणे आणि ते स्वीकारले जाणे यांत अंतर असते. रिमचा पराभव केवळ अभियंत्यांनी केला नव्हता. विकत घेणाऱ्यांनी महाग आणि बंदिस्त पर्याय नाकारला, म्हणून खुला पर्याय टिकला. शाळा, महाविद्यालये आणि सरकारी कार्यालये यांच्यासाठी देशात मोठ्या संख्येने संगणक खरेदी होतात. त्या खरेदीच्या अटींत प्रोसेसर कोणता आणि मेमरी किती गिगाबाइट, हे हमखास लिहिलेले असते. ती मेमरी सुटी आहे की सोल्डर केलेली, आणि झाकणाखाली एखादा स्लॉट रिकामा आहे की नाही, ही ओळही त्याच कागदावर लिहिता येण्यासारखी आहे. साणंदच्या प्रकल्पातून बाहेर पडणाऱ्या पट्ट्यांना देशातील किती यंत्रांत जागा मिळेल, हेही बऱ्याच अंशी त्या एका ओळीवर अवलंबून राहील.